कर नाहीं त्यालाहि डर

"कर नाहीं त्याला डर कशाला?" ही म्हण अलीकडे सरकारचे भाट आणि टीव्हीवरचे पंडित यांच्या तोंडीं इतकी बसली आहे, कीं बिनचौकशीच्या कैदेविरुद्ध कोणी ब्र काढला म्हणजे ती त्याच्या अंगावर फेंकली कीं वाद मिटला असें त्यांना वाटतें. "तुम्ही बॉम्ब केला नाहीं ना? मग दहशतवादाच्या कायद्याची भीति तुम्हांला कां?" असा त्यांचा सवाल. आमचे खेड्यांतले भोळे लोकहि त्यावर माना डोलावतात. शेतकऱ्याला औत सोडून कायद्याची पोथी उघडावयास सवड नाहीं, विणकराला मागावरून उठतां येत नाहीं. तेव्हां जो मोठ्यानें बोलेल त्याचें खरें, असा प्रकार चालतो. म्हणून आज आम्ही ही म्हणच दगडावर आपटून पाहणार आहों. नाणें बद्द वाजलें तर वाचकांनीं तें पदरांत घेऊं नये.

आधीं मालेगांवास चला. मालेगांव म्हणजे यंत्रमागांचें गांव. रात्रंदिवस खडखडाट, आणि त्या खडखडाटावर हजारों घरांची चूल. ता. ८ सप्टेंबर २००६ रोजीं, शब-ए-बरातच्या दिवशीं, बडा कब्रस्तानापाशीं नमाजास जमलेल्या गर्दींत बॉम्ब फुटले. तीसांहून अधिक माणसें मेलीं. मेलेलीं कोण? गरीब मुसलमान. आणि पोलिसांनीं पकडले कोण? नऊ मुसलमानच. स्वतःच्याच जातभाईंना, स्वतःच्याच सणाच्या दिवशीं, स्वतःच्याच कब्रस्तानाशेजारीं यांनीं उडविलें, असें सरकारचें म्हणणें. मोक्का लावला, जामीन नाहीं. पांच वर्षें गेलीं. पुढें तपास दुसरीकडे वळला, २०११ च्या नोव्हेंबरांत बहुतेकांना जामीन मिळाला, आणि २०१६ च्या एप्रिलांत विशेष कोर्टानें त्यांना दोषमुक्त करून घरीं पाठविलें. नवांपैकीं एक जण तोंवर मरून गेला होता. त्यानें आपली निर्दोषता कोणत्या कोर्टांत ऐकावी?

आतां सांगा, या लोकांना 'कर' होता काय? नव्हता, असें कोर्टच म्हणतें. मग 'डर' कोणाच्या वांट्यास आला?

कोणी म्हणेल, हा मुसलमानांचा प्रश्न आहे, आम्हांला काय त्याचें? थांबा. त्याच मालेगांवांत २९ सप्टेंबर २००८ रोजीं दुसरा स्फोट झाला, सहा जण मेले. या वेळीं पकडले ते हिंदु. त्यांत एक लष्करी अधिकारी, एक साध्वी. त्यांतल्या कित्येकांना आठ-नऊ वर्षें जामीन नव्हता. ३१ जुलै २०२५ रोजीं सातहि जण निर्दोष सुटले. त्याच्या दहाच दिवस आधीं, मुंबईच्या लोकल गाड्यांतील ११ जुलै २००६ च्या स्फोटांच्या खटल्यांत मुंबई हायकोर्टानें बाराहि आरोपींची शिक्षा रद्द केली होती. त्या स्फोटांत १८० हून अधिक चाकरमाने मेले. आणि एकोणीस वर्षें तुरुंगांत ठेविलेल्यांविरुद्धचा पुरावा हायकोर्टाला टिकाऊ वाटला नाहीं. सरकार वरच्या कोर्टांत गेलें, त्या कोर्टानें तो निकाल इतर खटल्यांत दाखला म्हणून वापरूं नये असें सांगितलें, पण सुटलेल्यांना परत आंत घातलें नाहीं.

तेव्हां हिशेब असा झाला. मालेगांवची आई विचारते, माझा मुलगा कोणीं मारला? उत्तर नाहीं. विरारच्या गाडींत नवरा गमावलेली बाई विचारते, गुन्हेगार कोण? उत्तर नाहीं. बिनजामिनाची कैद झाली, वर्षें गेलीं, पैसा गेला, आणि खरा चोर सांपडलाच नाहीं. कडक कायद्यानें देश सुरक्षित होतो म्हणणाऱ्यांनीं या बायांना तोंड द्यावें. आमच्या मतें येथें पोलिसांची दुष्टाई जितकी आहे त्याहून आळस अधिक आहे. माणूस पांच-दहा वर्षें आंत राहणारच अशी कायद्यानें खात्री दिली, म्हणजे पुरावा गोळा करण्याची घाई कोणाला? ज्या सालदाराला काम केलें न केलें तरी दाणे मिळतात, तो सूर्योदयापूर्वीं शेतावर जाईल काय?

आतां हा कायदा चालतो कसा तें नीट समजून घ्या. कारण यांतली मेख वकिलांना ठाऊक आहे, आपल्याला नाहीं.

माणसाला बंदींत टाकण्याचे दोन रस्ते आहेत. पहिला स्थानबद्धतेचा. यांत तुम्हीं कांहीं केलें असें सरकार म्हणतच नाहीं. तुम्ही पुढें कांहीं कराल असें त्याला वाटतें, एवढें पुरे. १९८० च्या राष्ट्रीय सुरक्षा कायद्याखालीं जिल्हाधिकाऱ्याच्या सहीनें माणसाला बारा महिनेपर्यंत कोंडतां येतें. खटला नाहीं, साक्षीदार नाहीं. तीन महिन्यांवर ठेवावयाचें तर सल्लागार मंडळापुढें प्रकरण जातें, पण तेथें वकील उभा करण्याचा हक्क नाहीं, आणि 'सार्वजनिक हिताच्या' नांवाखालीं कांहीं माहिती कैद्यापासून लपवितां येते. म्हणजे आरोप पुरता कळावयाचा नाहीं आणि उत्तर मात्र द्यावयाचें. आंधळ्या कोशिंबिरींत तरी डोळे एकाचेच बांधतात आणि खेळ संपला कीं सोडतात. महाराष्ट्राचा १९८१ चा कायदा, ज्याला लोक 'एमपीडीए' म्हणतात, त्याच जातीचा. हातभट्टीवाला किंवा गांवगुंड त्याखालीं वर्षभर गेला म्हणजे गांव सुटकेचा श्वास टाकतें, हें आम्ही जाणतों. पण आज गुंडासाठीं उघडलेलें दार उद्यां ज्याची पाटलाशीं किंवा आमदाराशीं तेढ आहे त्याच्यासाठीं बंद राहील, याची हमी कोण देतो? आसामांत शेतकऱ्यांचे पुढारी अखिल गोगोई यांना २०१७ च्या सप्टेंबरांत याच राष्ट्रीय सुरक्षा कायद्याखालीं उचललें होतें. डिसेंबरांत गुवाहाटी हायकोर्टानें तो हुकूम मोडून काढला. बॉम्ब कोठें होता त्यांत? भाषण होतें.

दुसरा रस्ता बेकायदा कृत्यें प्रतिबंधक कायद्याचा. हा १९६७ चा; लोक त्याला 'यूएपीए' म्हणून ओळखतात. यांत खटला असतो, पण खटला होईपर्यंतच माणूस संपतो. साध्या गुन्ह्यांत पोलिसांनीं साठ किंवा नव्वद दिवसांत दोषारोपपत्र ठेविलें नाहीं तर जामीन मिळतो. येथें १८० दिवसांपर्यंत मुदत. शेतकऱ्याच्या भाषेंत सांगावयाचें तर मृगाला पकडलेला माणूस खरीप कापून रब्बीची पेरणी झाली तरी आपल्यावर काय आळ आहे तें कागदावर पाहूं शकत नाहीं. आणि पुढें जामीन मागावा तर कलम ४३ ड पोटकलम ५ आडवें येतें: पोलिसांचे कागद वाचून आरोप वरवर खरे वाटले तर कोर्टानें जामीन देऊंच नये. त्यावर २०१९ सालीं सर्वोच्च न्यायालयानें वटाली खटल्यांत सांगितलें, कीं जामिनाच्या वेळीं पुराव्याचा बारकाईनें तोल करूं नये. एकाच बाजूच्या पारड्यांत माल टाकून तराजू उचलावयाचा, आणि तें पारडें खालीं गेलें म्हणून दुसरी बाजू खोटी म्हणावयाचें! असा तराजू बाजारांत कोणी वाण्यानें धरला असता तर आमच्या बायांनीं त्याच्या दुकानाची पायरी सोडली असती. २०२१ सालीं त्याच न्यायालयानें नजीब खटल्यांत म्हटलें, कीं खटला फारच लांबला तर या कलमालाहि न जुमानतां जामीन देतां येईल. बरें झालें. पण 'फारच लांबला' म्हणजे किती, हें ज्या त्या न्यायाधीशाच्या मनावर राहिलें.

सरकारनेंच लोकसभेपुढें ठेवलेले आंकडे पाहा. २०१६ ते २०२० या पांच वर्षांत या कायद्याखालीं ५,०२७ गुन्हे दाखल झाले आणि २४,१३४ माणसें आरोपी झालीं. त्यांत त्या अवधींत शिक्षा झाली २१२ जणांना, निर्दोष ठरले ३८६. बाकीचे? ना इकडे, ना तिकडे. ज्यांचे निकाल लागले त्यांत सुटलेल्यांची संख्या शिक्षा झालेल्यांच्या जवळजवळ दुप्पट! शंभर बैलांवर चोरीचा आळ घेऊन कोंडवाड्यांत घातले, निकाल दोन-तीनांचाच केला, आणि त्यांतहि बहुतेक धन्याचेच निघाले, तर त्या कोंडवाडेवाल्याला गांव काय म्हणेल?

गडचिरोलीच्या बाजूचा एक आदिवासी तरुण असाच प्राध्यापक साईबाबा यांच्या खटल्यांत गुंतला. २०२२ च्या ऑगस्टांत तो नागपूरच्या कैदेंत आजारानें मेला. ५ मार्च २०२४ रोजीं नागपूरच्या हायकोर्टानें त्या खटल्यांतील सर्वांना निर्दोष ठरविलें. साईबाबा बाहेर आले ते खुर्चीवर, आणि त्याच वर्षीं ऑक्टोबरांत गेले. आदिवासींत आयुष्य घालविलेले फादर स्टॅन स्वामी चौऱ्यायशींव्या वर्षीं, ५ जुलै २०२१ रोजीं, मुंबईंत कैदी म्हणूनच वारले. कंपवातानें हात थरथरत, पेला ओठांस लागत नसे. पाणी पिण्याच्या नळीसाठीं त्यांना कोर्टांत अर्ज करावा लागला होता. राष्ट्राची सुरक्षा त्या नळीवर कशी टांगली होती हें आम्हांला अद्याप उमगलेलें नाहीं.

हा रोग आजचा नाहीं. बंगालचा १८१८ चा तिसरा रेग्युलेशन आणि मुंबई इलाख्याचा १८२७ चा पंचविसावा, हे इंग्रजांनीं घडविलेले जुने साखळदंड. रँडच्या खुनानंतर १८९७ सालीं पुण्याचे नातू बंधू याच मुंबईच्या रेग्युलेशनखालीं उचलले गेले आणि आरोपाशिवाय सुमारें दोन वर्षें बंदींत राहिले. नातूंचीं मतें आणि आमचीं मतें यांत जमीन-अस्मानाचें अंतर. त्यांच्या ओसरीवर आम्हांला पाणीहि वरूनच मिळालें असतें. तरी त्यांना बिनचौकशी कोंडणें अन्यायच होता, हें आम्ही स्वच्छ सांगतों. ज्याचीं मतें आपल्याला रुचत नाहींत त्याच्यासाठीं न्याय मागतां आला नाहीं, तर तो न्याय कसला? १९१९ सालीं रौलट कायदा आला तेव्हां लोकांनीं त्याचें वर्णन तीन शब्दांत केलें: ना वकील, ना दलील, ना अपील. त्या चळवळींत अमृतसरचे डॉ. किचलू व डॉ. सत्यपाल यांना १० एप्रिलला उचललें आणि तिसऱ्या दिवशीं जालियनवाला बागेंत गोळ्या चालल्या.

पण हे बडे लोक. बारा बलुत्यांच्या आणि रानावनांतल्या लोकांवर तर इंग्रजांनीं आणखी निराळा प्रयोग केला. १८७१ च्या कायद्यानें जमातीच्या जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरविल्या. पारधी, कैकाडी, भामटे यांना पोलिसपाटलाकडे हजेरी. गांव सोडावयाचें तर दाखला. सोलापूरला तारेच्या कुंपणांत वसाहत. मूल पाळण्यांत असतांनाच संशयित! तेव्हांहि शहाणे लोक हेंच म्हणत होते, कीं प्रामाणिक पारध्याला हजेरीची भीति कशाला? १९५२ सालीं तो कायदा गेला, पण चोरी झाली कीं पारध्यांच्या पालावर धाड घालण्याची संवय अजून गेलेली नाहीं. संशयावर माणूस कोंडण्याचा कायदा एकदां पोलिसांच्या हातांत खेळला म्हणजे तो पुस्तकांतून पुसला तरी हातांतून जात नाहीं.

स्वराज्य आलें. आतां तरी हे साखळदंड वितळावे? घटनेच्या २२ व्या कलमांत अटकेचीं कारणें सांगणें, वकील देणें, चोवीस तासांत मॅजिस्ट्रेटपुढें नेणें हे हक्क आले. हें कलम डॉ. आंबेडकरांनीं १९४९ च्या सप्टेंबरांत घटनासमितीपुढें ठेविलें. पण त्याच कलमाच्या पोटांत स्थानबद्धतेचा अपवादहि शिरला. १९५० च्या फेब्रुवारींत सरदार पटेलांनीं प्रतिबंधक स्थानबद्धतेचा कायदा आणला तो एका वर्षापुरता. तें एक वर्ष १९६९ च्या अखेरीस संपलें! सावकाराच्या वहींतलें वर्षसुद्धां इतकें लांबत नाहीं.

मग १९७१ चा मिसा. १९७५ च्या आणीबाणींत त्याखालीं सुमारें पस्तीस हजार माणसें कोंडलीं. येरवड्यांत संघवाले आणि समाजवादी शेजारीं शेजारीं. २८ एप्रिल १९७६ रोजीं सर्वोच्च न्यायालयाच्या पांचांपैकीं चार न्यायाधीशांनीं निकाल दिला, कीं आणीबाणींत कैद्याला कोर्टाचें दार ठोठावतां येणार नाहीं. एकटे न्या. खन्ना उलट बोलले, आणि त्यांचें सरन्यायाधीशपद गेलें. तो निकाल चूक होता हें त्याच न्यायालयानें २०१७ सालीं म्हटलें. एकेचाळीस वर्षांनीं!

आणि तमाशा पाहा. मिसाखालीं गजांआड बसलेले अटलबिहारी वाजपेयी व लालकृष्ण अडवाणी पुढें सत्तेवर आले, तेव्हां त्यांनींच २००२ सालीं पोटा आणला. काँग्रेसनें पोटाविरुद्ध गळा काढला, २००४ सालीं तो रद्द केला, आणि त्यांतलीं बरींच कलमें मागच्या दारानें यूएपीएंत नेऊन ठेविलीं. २००८ सालीं १८० दिवस आणि जामिनाची आडकाठी तिनेंच घातली. टाडाहि १९८५ सालीं तिनेंच आणला होता, आणि ज्या गुजरातेंत दहशतवाद नव्हता तेथेंच टाडाचे कैदी हजारोंनीं निघाले. २०१९ सालीं भाजपनें आणखी एक पायरी चढविली: आतां संघटनेवांचून एकट्या माणसालाहि सरकार दहशतवादी जाहीर करूं शकतें. तमिळनाडूचे वायको यांच्या पक्षानें लोकसभेंत पोटाला पाठिंबा दिला होता. त्याच वर्षीं जुलैंत एका भाषणासाठीं त्यांनाच पोटाखालीं पकडलें आणि एकोणीस महिने आंत ठेविलें. आम्हांला हंसूं येत नाहीं, पण न हंसतां राहावत नाहीं. सत्तेच्या खुर्चींत असतांना हा कायदा प्रत्येकाला गोड लागतो, आणि खुर्ची गेली कीं त्याचा कडूपणा जिभेवर येतो.

"मग तुम्हांला दहशतवादी मोकाट हवे आहेत काय?" हा शेवटचा बाण. त्याला उत्तर आहे, आणि तें आमच्याच मातींतलें आहे. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्रीं मुंबईंत १६६ माणसें मारलीं गेलीं. त्या रात्रीं अजमल कसाबची बंदूक उघड्या हातांनीं धरून गोळ्या पोटांत घेणारे तुकाराम ओंबळे हे सातारा जिल्ह्यांतल्या केडंबे गांवचे, शेतकऱ्याच्या घरांतले. कसाब जिवंत सांपडला तो त्यांच्यामुळें. आणि त्या कसाबला काय केलें? उघड खटला चालविला, सरकारी खर्चानें वकील दिला, साक्षीपुरावा घेतला, हायकोर्ट झालें, सर्वोच्च न्यायालय झालें, आणि २१ नोव्हेंबर २०१२ रोजीं येरवड्यांत फांशी दिलें. चार वर्षांच्या आंत. त्याच खटल्यांत त्याच्याबरोबरच्या दोन हिंदी आरोपींवर पुरावा टिकला नाहीं, म्हणून कोर्टानें त्यांना सोडलें. जगानें तो खटला पाहिला आणि कोणाला बोट दाखवितां आलें नाहीं. म्हणजे हातांत बंदूक घेऊन आलेल्या परदेशी मारेकऱ्याला आपण चार वर्षांत वकील, दलील, अपील सारें दिलें. आणि मालेगांवच्या माणसाला खटला उभाहि न करतां पांच वर्षें कोंडलें! बॉम्बनें मरतो तो लोकलमधला चाकरमान्या, स्टेशनावरचा मजूर. मोटारींतून हिंडणाऱ्यांपेक्षां दहशतवाद्याला पकडण्याची गरज आम्हांलाच अधिक आहे. म्हणूनच आम्हांला खरा गुन्हेगार हवा; हातीं लागेल तो नको.

आतां महाराष्ट्रानें २०२५ च्या जुलैंत जनसुरक्षेचें नवें विधेयक विधिमंडळांत मंजूर करून घेतलें. कडव्या डाव्या संघटनांसाठीं तें आहे म्हणतात. बारा हजारांवर सूचना व हरकती आल्या होत्या. संघटना बेकायदा ठरविली कीं तिच्या सभासदाला, तिला वर्गणी देणाऱ्याला बिनजामिनाचा गुन्हा. आमची विचारणा साधी आहे: कांद्याच्या भावासाठीं रस्त्यावर बसणारी, जंगलाचे पट्टे मागणारी, धरणग्रस्तांची संघटना उद्यां कोणाला 'कडवी' वाटली तर? वाटणारा कोण, सरकारच ना? आणि वर्गणीची पावती फाडणारा आमचाच भाऊ ना? आमचें म्हणणें, जामिनाचा निर्णय कोर्टाच्या विवेकावर सोडा. वर्षाच्या आंत खटला उभा करा, नाहींतर माणूस सोडा. निर्दोष सुटलेल्याला सरकारनें भरपाई द्यावी, आणि खोटा पुरावा रचणाऱ्या अधिकाऱ्याच्या पगारांतून त्यांतला वांटा कापावा. तालुक्याचा आमदार मतें मागावयास येईल तेव्हां त्याला विचारा, कीं या विधेयकावर तुम्ही सभागृहांत काय बोललां?

तोंवर घरांत हें सर्वांना सांगून ठेवा. पोलीस माणसाला न्यावयास आले तर अटकेचीं कारणें लेखी मागा. यूएपीएंतसुद्धां तीं लेखी दिलींच पाहिजेत, असें सर्वोच्च न्यायालयानें मे २०२४ मध्यें प्रबीर पुरकायस्थ यांच्या खटल्यांत ठरविलें आणि तेवढ्याच चुकीसाठीं ती अटक रद्द केली. अटकेच्या पंचनाम्यावर तारीख-वेळ आहे कीं नाहीं पाहा, आणि घरच्या किंवा गांवच्या एका शहाण्या माणसाची त्यावर सही घ्या. स्थानबद्धतेचा हुकूम नसेल तर चोवीस तासांत मॅजिस्ट्रेट. कोऱ्या कागदावर सही नाहीं. वकिलाला पैसे नसतील तर तालुक्याच्या कोर्टांत विधि सेवा समिती असते. अटकेंतल्या माणसाला तेथें वकील फुकट मिळतो, शेत गहाण टाकण्याचें कारण नाहीं.